विभागीय चौकशीची फाइल पहिल्यांदाच टेबलावर आली तर

आस्थापना शाखेत नव्याने बदलून आलेल्या माणसाकडे ही फाइल कधी ना कधी येतेच. कोणी सात महिने कामावर फिरकलेला नाही, कुठे भांडारात माल कमी भरला आहे, कोणी पावत्यांचे पैसे चलनाने भरायचे ‘विसरला’ आहे. टिपणीवर वरिष्ठांचा शेरा असतो, ‘शिस्तभंगाची कारवाई प्रस्तावित करावी’. कसूर खरी असते, पुरावाही असतो, आणि तरी तीन-चार वर्षांनी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे मॅटमध्ये, शिक्षा रद्द होते. असे का होते ते निकालपत्रात सापडते. सही चुकीच्या अधिकाऱ्याची होती, दोषारोप मोघम होते, मूळ कागद हजर केला नाही, किंवा अहवालाची प्रत दिली नाही. यातली प्रत्येक गोष्ट पहिल्या महिनाभरात टाळता येण्यासारखी असते. म्हणून या लेखात सुरुवातीच्या टप्प्यांवर जास्त जागा दिली आहे.

आधी नियम कोणते लागतात ते बघा

राज्य शासनाच्या कर्मचाऱ्याला महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९ लागू होतात. कोणते वागणे गैर, हे त्याच वर्षीचे वर्तणूक नियम सांगतात. सचोटी आणि कर्तव्यपरायणता मागणारा त्यातला नियम ३ जवळपास प्रत्येक दोषारोपपत्रात असतो. जिल्हा परिषदेच्या कर्मचाऱ्यांसाठी १९६४ चे स्वतंत्र शिस्त व अपील नियम आहेत. पोलीस दलात निरीक्षक व त्याखालच्यांसाठी पोलीस अधिनियम आणि १९५६ चे शिक्षा व अपील नियम आहेत. खासगी शाळांतल्या शिक्षक-शिक्षकेतरांसाठी १९७७ चा अधिनियम, १९८१ ची नियमावली आणि दाद मागायला शाळा न्यायाधिकरण आहे. गोवा शासनाचे कर्मचारी केंद्राच्या १९६५ च्या नियमांखाली येतात. नमुना दुसऱ्या कार्यालयातून आणताना हे जरूर तपासा. जिल्हा परिषदेच्या ग्रामसेवकाला १९७९ च्या नियमांखाली दिलेले ज्ञापन (दोषारोप कळवणारे पत्र) पहिल्याच सुनावणीत अडचणीत येते.

पुढचे सारे राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांबद्दल आहे. टेबलावर १९७९ च्या नियमांशेजारी १९९१ ची विभागीय चौकशी नियमपुस्तिका ठेवा. जुनी असली तरी प्रपत्रे आजही तिच्यातूनच घेतली जातात.

सक्षम प्राधिकारी कोण

संविधानाचा अनुच्छेद ३११ दोन गोष्टी सांगतो. नियुक्ती करणाऱ्यापेक्षा कनिष्ठ अधिकारी कोणाला बडतर्फ करू शकत नाही वा सेवेतून काढू शकत नाही. आणि दोषारोप कळवून, म्हणणे मांडायची वाजवी संधी देऊन चौकशी केल्याखेरीज बडतर्फी, काढून टाकणे किंवा पदावनती करता येत नाही.

म्हणून पहिले काम सेवापुस्तक काढायचे. मूळ नियुक्ती आदेशावर सही कोणाची आहे? नंतर पदोन्नती झाली असेल तर ती कोणी दिली? आज त्या पदाचे नियुक्ती अधिकार कोणाकडे प्रदान झाले आहेत? या तिन्ही उत्तरांतला जो वरचा अधिकारी असेल, त्याच्याकडे प्रकरण न्यायचे. वेळ थोडा जास्त जातो, पण मोठी शिक्षा सहीच्या मुद्द्यावर रद्द होत नाही. दोषारोपपत्राच्या मसुद्यावरही त्याच प्राधिकाऱ्याची मंजुरी फाइलवर स्पष्ट हवी. ‘चौकशी सुरू करण्यास मान्यता’ एवढीच सही घेऊन मसुदा खालच्या पातळीवर परस्पर अंतिम करण्याची सवय घातक आहे. सक्षम प्राधिकाऱ्याने दोषारोपपत्र मंजूर केलेले नसेल तर ते टिकत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये गोपीनाथ प्रकरणात ठरवले आहे.

प्राथमिक चौकशी म्हणजे कागद ताब्यात घेणे

तक्रार आली की लगेच ज्ञापन काढू नका. प्राथमिक चौकशीत काय घडले ते समजून घ्यायचे असते, पण त्याहून तातडीचे काम मूळ कागद सुरक्षित करण्याचे. हजेरीपट, पावतीपुस्तक, रोकडवही, साठा नोंदवही, आवक-जावक, जे लागेल ते पानांना क्रमांक घालून, यादी करून, दोघांच्या सहीने कपाटात बंद करा. संबंधित कर्मचारी त्याच टेबलावर बसलेला असताना नोंदवही तिथेच राहू दिली, तर सहा महिन्यांनी ‘पाने सापडत नाहीत’ असे ऐकावे लागते. सीसीटीव्हीचे चित्रण बहुतेक यंत्रणांत काही आठवड्यांत पुसले जाते. ते पहिल्या दोन दिवसांत काढून घ्या.

जबाब घेताना तारीख, वेळ, ठिकाण आणि जबाब देणाऱ्याची प्रत्येक पानावर सही घ्या. मात्र हे जबाब स्वतः पुरावा होत नाहीत. जबाब देणारा पुढे चौकशीत साक्षीला आला, त्याने जबाब कबूल केला आणि त्याची उलटतपासणी झाली, तरच त्याला वजन येते. पोलिसांपुढच्या जबाबांचेही तसेच.

गैरवर्तन आणि कामातली कमतरता यांतला फरक इथेच लक्षात घ्या. एखाद्याला काम नीट जमत नाही, निर्णय चुकतात, म्हणून ते आपोआप गैरवर्तन ठरत नाही. जे. अहमद प्रकरणात १९७९ साली सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केले. अशा माणसाला लेखी समज, प्रशिक्षण, गोपनीय अहवालात नोंद हे मार्ग आहेत. ताकीद किंवा समज ही नियम ५ मधली शिक्षा नाही, त्यामुळे ‘शिक्षा म्हणून ताकीद’ असे आदेशात लिहू नका.

निलंबन करायचे का

निलंबन ही शिक्षा नाही, तरी कार्यालये ती शिक्षेसारखी वापरतात. खरे प्रश्न दोनच. माणूस जागेवर राहिला तर पुरावा बिघडेल का, साक्षीदारांवर दबाव येईल का? आरोप इतका गंभीर आहे का, की सिद्ध झाल्यास मोठी शिक्षाच होईल? दोन्हींची उत्तरे नकारार्थी असतील तर बदली पुरते.

नियम ४ खाली निलंबन होते. कर्मचारी ४८ तासांहून अधिक काळ कोठडीत असेल तर त्याला अटकेच्या तारखेपासून निलंबित मानले जाते, पण तसा आदेश काढावाच लागतो. आदेशात निलंबन काळातले मुख्यालय लिहा आणि निर्वाह भत्त्याचा आदेश त्याच दिवशी काढा.

निर्वाह भत्त्यात बऱ्याच चुका होतात. निलंबन काळात काय द्यायचे ते सांगणाऱ्या १९८१ च्या प्रदाने नियमांतल्या नियम ६८ प्रमाणे तो अर्धपगारी रजेच्या वेतनाइतका असतो, वर त्या रकमेवरचा महागाई भत्ता. मूळ वेतन ४०,००० रुपये असेल तर २०,००० रुपये. पहिल्या तीन महिन्यांनंतर आढावा घ्यायचा. विलंब कर्मचाऱ्यामुळे नसेल तर या २०,००० मध्ये निम्म्यापर्यंत, म्हणजे १०,००० पर्यंत वाढ करता येते. विलंब त्याच्यामुळे असेल तर तेवढीच कपात. ही वाढ आपोआप होत नाही, आदेश लागतो. दुसरीकडे नोकरी-धंदा करत नसल्याचे प्रमाणपत्र मात्र दरमहा घ्यावे लागते. रोज मस्टरवर सही करायला लावून, नाही केली म्हणून भत्ता अडवणे ही मनमानी आहे. भत्त्याअभावी माणूस चौकशीला येऊ शकला नाही असे दिसले तर पुढची चौकशीच धोक्यात येते.

मुदतीचा मुद्दा अजय कुमार चौधरी निकालाने (२०१५) कडक केला. तीन महिन्यांत दोषारोपपत्र दिले नाही तर निलंबन त्यापुढे चालू ठेवता येत नाही. राज्य शासनाने ९ जुलै २०१९ च्या शासन निर्णयाने हे आपल्या निलंबन प्रकरणांना लागू केले. तेव्हा निलंबनाच्या आदेशावर सही झाली त्याच दिवशी दिनदर्शिकेत नव्वदावा दिवस लिहून ठेवा आणि दोषारोपपत्राचा मसुदा साठाव्या दिवसापर्यंत वर पाठवा.

नियम ८ की नियम १०

नियम ५ मध्ये शिक्षांचे दोन गट आहेत. किरकोळ शिक्षा म्हणजे ठपका, पदोन्नती रोखणे, हलगर्जीमुळे झालेल्या नुकसानीची वेतनातून वसुली आणि वेतनवाढ रोखणे. मोठ्या शिक्षा म्हणजे वेतनश्रेणीत खालच्या टप्प्यावर आणणे, खालच्या पदावर वा श्रेणीत आणणे, सक्तीची सेवानिवृत्ती, सेवेतून काढून टाकणे आणि बडतर्फी. शेवटच्या दोघांत फरक आहे: काढून टाकलेल्याला पुन्हा शासकीय नोकरीचे दार बंद होत नाही, बडतर्फाला सामान्यतः होते.

नियम १० खाली आरोपांचे विवरण देऊन लेखी म्हणणे मागवायचे, ते विचारात घेऊन आदेश काढायचा. हे काम दोन महिन्यांत होते. नियम ८ खाली संपूर्ण चौकशी लागते. नियम ८ खाली सुरू केलेल्या प्रकरणात शेवटी किरकोळ शिक्षा देता येते, पण नियम १० खाली सुरू करून मोठी शिक्षा देता येत नाही. म्हणून काही जण ‘असू द्या’ म्हणून सगळीच प्रकरणे नियम ८ खाली घालतात. हे टाळा. कपाटात धूळ खात पडलेल्या जुन्या फायली बघा, त्यांतली निम्मी प्रकरणे नियम १० ची होती असे दिसेल.

नियम १० मध्ये एक सापळा आहे. वेतनवाढ कायमस्वरूपी रोखायची असेल, तीन वर्षांहून जास्त काळ रोखायची असेल किंवा त्यामुळे निवृत्तिवेतनावर परिणाम होणार असेल तर रीतसर चौकशी लागतेच. पुढील वेतनवाढींवर परिणाम होईल अशा रीतीने वेतनवाढ रोखणे ही प्रत्यक्षात मोठी शिक्षा आहे, हे न्यायालयांनी वारंवार सांगितले आहे. नियम १० च्या आदेशात ‘पुढील वेतनवाढींवर परिणाम न करता’ हे शब्द राहून गेले की अपिलात आदेश उलटतो.

दोषारोपपत्र: इथे वेळ घालवा

ज्ञापनाला चार जोडपत्रे असतात. पहिल्यात बाबनिहाय दोषारोप, दुसऱ्यात प्रत्येक बाबीचा तपशील, तिसऱ्यात कागदपत्रांची यादी, चौथ्यात साक्षीदारांची यादी. लिहायला बसताना मात्र उलट्या क्रमाने बसा. एका कोऱ्या कागदावर तीन रकाने आखा: काय सिद्ध करायचे, कोणत्या कागदाने, आणि तो कागद कोण शाबीत करणार. तिसरा रकाना रिकामा राहिला तर तो आरोप ठेवू नका किंवा आधी साक्षीदार शोधा.

मोघम दोषारोप असा असतो: ‘श्री. क्ष हे नेहमी उशिरा येतात, वरिष्ठांशी उद्धट वागतात व कामात हलगर्जीपणा करतात.’ यावर कोणी उत्तर काय देणार आणि चौकशी अधिकारी तपासणार काय? यात तीन आरोप एकात कोंबले आहेत आणि एकालाही तारीख नाही.

तोच आरोप असा लिहावा: ‘श्री. क्ष, वरिष्ठ सहायक, हे दि. ३ जून ते २८ जून या कालावधीत जोडपत्र ३ मधील अनुक्रमांक १ च्या हजेरीपटानुसार दि. ४, ७, १२, १९ व २५ जून रोजी विहित वेळेनंतर पाऊण तासाहून अधिक उशिरा उपस्थित झाले. दि. १३ जूनचे लेखी ज्ञापन मिळूनही त्यांनी खुलासा दिला नाही. सबब त्यांनी वर्तणूक नियमातील नियम ३ चा भंग केला आहे.’ उद्धटपणाचा आरोप ठेवायचाच असेल तर वेगळी बाब करा; दिवस, ठिकाण, समोर कोण होते आणि नेमके काय शब्द वापरले ते जसेच्या तसे लिहा. शिवी असेल तरी ‘अर्वाच्य भाषा’ एवढ्यावर थांबू नका, जोडपत्र २ मध्ये ती लिहावी लागते.

अपहाराच्या प्रकरणात पावती क्रमांक, पावतीची तारीख, रक्कम, भरणा केल्याची तारीख आणि चलन क्रमांक यांचा तक्ता द्या. एकूण रक्कम तीनदा बेरीज करून पाहा. दोषारोपात एक आकडा आणि तक्त्याखाली दुसरा, हे नेहमी घडते आणि बचाव पक्ष पहिला बोट त्यावरच ठेवतो.

लांब गैरहजेरीच्या प्रकरणांबद्दल वेगळे सांगायला हवे, कारण ती सर्वात जास्त येतात. ‘अमुक दिवस अनधिकृत गैरहजर’ एवढे सिद्ध करणे पुरत नाही. गैरहजेरी हेतुपुरस्सर होती, माणसाच्या आवाक्याबाहेरच्या कारणाने नव्हती, हेही दिसले पाहिजे, असे कृष्णकांत परमार प्रकरणात (२०१२) सर्वोच्च न्यायालयाने म्हटले. म्हणून हजर होण्याच्या नोटिसा, त्यांच्या पोचा, आलेले रजेचे अर्ज, वैद्यकीय दाखले आणि त्यांवर कार्यालयाने काय निर्णय घेतला ते सारे यादीत घ्या. रजेचा अर्ज नऊ महिने निर्णयाविना पडून असेल तर आधी त्यावर निर्णय घ्या. ‘गैरहजेरीमुळे सेवा आपोआप संपुष्टात’ असे पत्र पाठवून चौकशी टाळता येत नाही.

आणखी काही गोष्टी मसुदा टंकलेखनाला देण्यापूर्वी बघा. ‘सिद्ध झाले आहे’, ‘स्पष्टपणे दोषी आहेत’ अशी वाक्ये काढून टाका, त्यांवरून निर्णय आधीच झाल्याचे दिसते. प्रस्तावित शिक्षेचा उल्लेख करू नका. पूर्वीच्या शिक्षांचा आधार शिक्षा ठरवताना घ्यायचा असेल तर मात्र त्याचा उल्लेख कर्मचाऱ्याला आधी कळवलेला हवा. यादीतली प्रत्येक प्रत वाचता येते का ते पाहा. काळी पडलेली झेरॉक्स दिली की प्रत मागण्याच्या अर्जांत तीन महिने जातात. संच पाच करा: कर्मचारी, चौकशी अधिकारी, सादरकर्ता अधिकारी, सक्षम प्राधिकारी आणि कार्यालय.

बजावणी हातोहात आणि तारखेसह पोच घेऊन. नाकारले तर दोन पंचांसमक्ष तसे लिहून घ्या, मग सेवापुस्तकातल्या पत्त्यावर पोचपावतीच्या टपालाने पाठवा. घर बंद असेल तर दारावर चिकटवून पंचनामा. उत्तरासाठी साधारणपणे १० दिवस दिले जातात.

चौकशी अधिकारी आणि सुनावणी

उत्तर आल्यावर ते वाचून चौकशी नेमायची असते. ज्ञापनाबरोबरच चौकशी अधिकाऱ्याचा आदेश काढला तर उत्तर वाचलेच नाही असा आक्षेप येतो. आरोप मान्य असतील तर चौकशीची गरज नाही. पण ‘झाले खरे, पण परिस्थिती अशी होती’ ही कबुली नव्हे.

चौकशी प्रादेशिक विभागीय चौकशी अधिकाऱ्याकडे जाते किंवा कंत्राटी तत्त्वावर नेमलेल्या निवृत्त अधिकाऱ्याकडे किंवा कार्यालयातल्याच वरिष्ठाकडे. प्राथमिक चौकशी करणारा, तक्रारदार किंवा साक्षीदार चौकशी अधिकारी नसावा. तो खात्याचा माणूस म्हणून बसत नाही, अर्धन्यायिक भूमिकेत बसतो. खात्याची बाजू सादरकर्ता अधिकारी मांडतो. सादरकर्ता नेमलाच नाही आणि चौकशी अधिकाऱ्यानेच साक्षीदारांना प्रश्न विचारून बाजू उभी केली, तर निःपक्षपातीपणाचा प्रश्न उभा राहतो.

सुनावणी साधारण अशी चालते. पहिल्या तारखेला आरोप मान्य की अमान्य विचारतात आणि अपचाऱ्याला, म्हणजे आरोप असलेल्या कर्मचाऱ्याला, मूळ कागद पाहू देतात. तो आपल्याला हवे असलेले आणखी कागद मागतो. नाकारायचे असतील तर का संबंधित नाहीत ते लेखी सांगावे लागते. मग सरकारी साक्षीदारांची सरतपासणी, उलटतपासणी, लागल्यास फेरतपासणी. त्यानंतर बचावाचे साक्षीदार. अपचाऱ्याने स्वतः साक्ष दिली नसेल तर त्याच्याविरुद्ध आलेल्या पुराव्यावर चौकशी अधिकाऱ्याने त्याला प्रश्न विचारायचे असतात. हा टप्पा सर्रास विसरला जातो. शेवटी सादरकर्त्याचे टाचण (लेखी युक्तिवाद), त्याची प्रत अपचाऱ्याला, आणि मग त्याचे टाचण. क्रम उलटा करू नका.

प्रत्येक तारखेचा रोजनामा लिहा आणि त्या दिवशीच सगळ्यांच्या सह्या घ्या. तारीख तहकूब झाली तर कोणाच्या विनंतीवरून तेही लिहा. विलंबाचा मुद्दा निघाला की वाचवणारा कागद तोच असतो. सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्ये विभागीय चौकशी सहा महिन्यांत, फार तर वर्षभरात संपवावी असे म्हटले आहे.

अपचारी येतच नसेल तर एकतर्फी चौकशी चालवता येते. तरी साक्षीदार बोलवावेच लागतात, कागद शाबीत करावेच लागतात. ‘गैरहजर राहिला, सबब आरोप सिद्ध’ असा अहवाल टिकत नाही. प्रत्येक पुढच्या तारखेची नोटीसही त्याला पाठवत राहा.

पुराव्याचे माप फौजदारी खटल्याहून सैल आहे. संशयातीत सिद्धता लागत नाही, शक्यतेचा समतोल पुरतो. पण काहीतरी पुरावा हवाच. न्यायालयात खटला चालू असताना चौकशी आपोआप थांबत नाही. निर्दोष सुटला तरी ती आपोआप संपत नाही. दोषी ठरला तर मात्र नियम १३ खाली पूर्ण चौकशीशिवाय, शिक्षेबाबत म्हणणे मांडायची नोटीस देऊन कारवाई करता येते.

महिलांच्या लैंगिक छळाच्या प्रकरणात २०१३ च्या अधिनियमाखालील तक्रार समितीचा अहवाल हाच चौकशी अहवाल मानतात. पुन्हा नवा चौकशी अधिकारी नेमून तक्रारदार महिलेला दुसऱ्यांदा साक्षीला उभे करू नका.

दोषारोपपत्र तुमच्याच हातात पडले असेल तर

कागद नाकारू नका. त्याने एकही दिवस मिळत नाही, उलट पंचनामा तुमच्या विरोधात जातो. उत्तर बाबनिहाय द्या: बाब १ अमान्य, बाब २ अंशतः मान्य, आणि कारण थोडक्यात. सगळा बचाव उत्तरातच उघड करायची सक्ती नाही, पण जी गोष्ट कागदाने लगेच खोडता येते ती तिथेच खोडा, कधी प्रकरण तिथेच मिटते. बचाव सहाय्यक म्हणून दुसरा शासकीय कर्मचारी घेता येतो. वकील सहसा मिळत नाही; सादरकर्ता स्वतः कायद्याचा जाणकार व्यावसायिक असेल किंवा प्राधिकाऱ्याने परवानगी दिली तरच. आस्थापनेत मुरलेला सहकारी बऱ्याचदा वकिलाहून उपयोगी पडतो.

चौकशी अधिकाऱ्याबद्दल पक्षपाताची शंका असेल तर ती सुरुवातीलाच लेखी कळवा. निकाल विरुद्ध गेल्यावर काढलेला आक्षेप कोणी ऐकत नाही. एखादा प्रश्न विचारू दिला नाही, कागद दिला नाही, तर रोजनाम्यात तशी नोंद करायला लावा. नोंद नसलेला आक्षेप मॅटपुढे मांडता येणे कठीण. आणि रागाच्या भरात राजीनामा देऊ नका. चौकशी चालू असताना तो सहसा स्वीकारलाही जात नाही.

अहवालानंतर

चौकशी अहवालात प्रत्येक बाबीवर पुरावा, बचाव, कारणे आणि निष्कर्ष असतो. शिक्षा सुचवणे हे चौकशी अधिकाऱ्याचे काम नाही. अहवाल आला की प्रत अपचाऱ्याला देऊन म्हणणे मागवा, साधारणपणे १५ दिवस. ही प्रत द्यावीच लागते हे १९९३ च्या करुणाकर निकालापासून पक्के आहे. अहवाल त्याच्या बाजूने असेल आणि प्राधिकाऱ्याला तो पटत नसेल, तर असहमतीची तात्पुरती कारणे अहवालासोबतच कळवायची. ‘प्राधिकारी सहमत नाहीत’ एवढ्या ओळीवर शिक्षा देता येत नाही. काही संवर्गांत लोकसेवा आयोगाचा सल्लाही घ्यावा लागतो, त्याचा वेळ धरा.

अंतिम आदेश सकारण हवा. कर्मचाऱ्याने म्हणण्यात जे मुद्दे काढले, त्यांना एकेक उत्तर त्यात दिसले पाहिजे. ‘खुलासा समाधानकारक नसल्याने’ हे वाक्य सगळ्या फायलींत चालते, म्हणूनच कुठेच चालत नाही. शिक्षा कसुरीच्या मानाने अवाजवी असेल तर न्यायालय तीही तपासते. शिक्षेचे शब्द अंमलात आणता येतील असे लिहा: कोणती वेतनवाढ, कोणत्या तारखेपासून, किती काळासाठी, पुढच्या वेतनवाढींवर परिणाम होणार की नाही. वसुली असेल तर रक्कम आणि हप्ते. निलंबनाचा काळ कसा धरायचा हा निर्णय वेगळा आहे. १९८१ च्या प्रदाने नियमांतल्या नियम ७२ खाली त्यासाठी वेगळी नोटीस आणि वेगळा आदेश लागतो. सेवापुस्तकात नोंद घेऊन तिच्यावर सही घेईपर्यंत फाइल बंद करू नका.

अपिलाला ४५ दिवस असतात, आदेशाची प्रत मिळाल्यापासून. आदेशातच अपील प्राधिकाऱ्याचे पदनाम आणि ही मुदत छापा. अपिलावर सहा महिन्यांत निर्णय झाला नाही तर त्यानंतर एका वर्षात महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे जाता येते. मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर येथे त्याची खंडपीठे आहेत. न्यायाधिकरण पुरावा नव्याने तोलत नाही, प्रक्रिया पाळली का आणि निष्कर्षाला काही आधार आहे का ते पाहते.

निवृत्तीची तारीख

फाइल उघडल्यावर पहिल्या पानावर कर्मचाऱ्याची निवृत्तीची तारीख लाल शाईने लिहा. निवृत्तीपूर्वी दोषारोपपत्र दिलेले असेल तर चौकशी पुढे चालू राहते, पण मग वेतनवाढ रोखणे वगैरे शिक्षा उरत नाहीत; १९८२ च्या निवृत्तिवेतन नियमांतल्या नियम २७ खाली निवृत्तिवेतन रोखणे, कमी करणे किंवा त्यातून वसुली एवढेच शक्य असते आणि तो निर्णय शासनाचा असतो. निवृत्तीनंतर नव्याने चौकशी सुरू करायची तर शासनाची मंजुरी लागते, आणि ज्ञापन देण्याच्या आधीच्या चार वर्षांतलीच घटना घेता येते. चौकशी दोषारोपपत्र दिले त्या दिवशी सुरू झाली असे धरतात. निलंबन त्याआधी असेल तर निलंबनाच्या दिवशी. ‘चौकशी प्रस्तावित’ असा शेरा किंवा कारणे दाखवा नोटीस यात धरली जात नाही. चौकशी प्रलंबित असताना निवृत्तिवेतन नियमांतल्याच नियम १३० प्रमाणे तात्पुरते निवृत्तिवेतन द्यावे लागते, उपदान (ग्रॅच्युइटी) मात्र अंतिम आदेशापर्यंत थांबते. त्यामुळे निवृत्तीला सहा महिने उरलेल्या कर्मचाऱ्याची फाइल नेहमी गठ्ठ्यात सर्वात वर ठेवा.